दोन बोटांत उचललेलं घर

आमच्या ऑफिसच्या तळघरात दुपारी उन्हाचा एकच पट्टा यायचा. भिंतीच्या अगदी वर, बाहेरच्या जमिनीच्या बरोबरीनं, एक लांबट खिडकी होती. तिच्यातून गवताची पाती दिसायची आणि कधी कुणाचे तरी बूट. तो उजेड टेबलावर मांडलेल्या लाकडी गावावरून हळूहळू सरकत जायचा. आधी चौकातली झाडं उजळायची, मग घरांच्या ओळी, आणि संध्याकाळ व्हायच्या आत सगळं गाव सावलीत बुडायचं. मी हनुवटी टेबलाला टेकवून, एक डोळा मिटून ते बघत बसायचे. तसं बघितलं की माप विसरायला होतं. बोटाएवढी घरं घरांएवढी व्हायची, आणि आपण त्या रस्त्यानं चाललोय, पलीकडच्या वळणावर कुणीतरी आपली वाट बघतंय, असं वाटायला लागायचं.

हे व्हर्जिनियातलं, हर्नडनजवळचं. ऐंशीच्या दशकाची शेवटची वर्षं. तेव्हा तिथं अजून गाईंचे गोठे होते, मक्याची शेतं होती, आणि त्यांच्या मधूनच काचेच्या इमारती एकेक करून उगवत होत्या. सकाळी धुकं असलं की गाई आणि इमारती दोन्ही सारख्याच तरंगत असल्यासारख्या दिसत. माझा नवरा त्यातल्याच एका इमारतीत इंजिनिअर होता. मी नागपूरला आर्किटेक्चर केलं होतं, पण इथं त्या डिग्रीवर लगेच काम मिळेना. शेवटी एका आर्किटेक्ट फर्मच्या मॉडेल शॉपमध्ये जागा मिळाली. होणाऱ्या इमारतींची छोटी मॉडेल्स करायची, क्लायंटला दाखवायची. मला वाटलं होतं, सहा-आठ महिने करीन आणि सोडीन.

पहिल्या दिवशी मी जिना उतरून खाली गेले तेव्हा एक उंच, वाकलेला, पांढऱ्या मिशांचा माणूस झाडं करत होता. रस्त्याकडेला उगवणारी एक रानफुलांची जात असते, तिची फुलं सुकली की छत्रीसारखे तुरे उरतात. ते तुरे कापून, रंगवून, तो एकेक करून जमिनीत खोचत होता. माझ्याकडे न बघताच तो म्हणाला, "इथे बसा. झाड सरळ लावू नका. झाड कधी सरळ नसतं."

हे आमचं बोलणं अर्थातच इंग्रजीत. त्यांचं इंग्रजी तुटक होतं, माझंही तेव्हा फार सफाईचं नव्हतं. दोघांनाही शब्द शोधायला वेळ लागायचा, त्यामुळे एकमेकांसाठी थांबायची सवय लागली. ते रुमानियाचे होते, साठीला आलेले, स्वतः आर्किटेक्ट. एकटेच राहत. यापलीकडे कितीतरी महिने मला काही माहीत नव्हतं. विचारलं तर ते सुरी खाली ठेवून चष्मा पुसायला घेत, आणि चष्मा पुसून झाला की पुन्हा सुरी उचलत.

पहिल्या हिवाळ्यात मी त्यांना एका रविवारी घरी जेवायला बोलावलं. बाहेर बर्फ पडत होतं, अगदी सावकाश, जणू त्याला कुठं पोचायचं नव्हतं. माझी लेक तेव्हा चार वर्षांची होती. दार उघडल्याबरोबर मी तिला म्हटलं, "काकांना हॅलो म्हण."

"हॅलो काका!" ती ओरडली.

ते दारातच थांबले. मिशा थरथरायला लागल्या, आणि मग ते इतके हसले की टोपीवरचं बर्फ खाली पडलं. मला काही कळेना. माझा नवरा आतून बाहेर आला. त्यांनी डोळे पुसत त्याच्या कानात काहीतरी सांगितलं, आणि तोही हसत सुटला.

"अगं, त्यांच्या भाषेत काका म्हणजे शी!" नवरा मला म्हणाला. "लहान मुलं करतात ती!"

"मग काय म्हणायचं यांना?" मी विचारलं.

"आमच्याकडे वडीलधाऱ्या माणसाला नेने म्हणतात," ते म्हणाले.

आता हसायची पाळी आमची होती. नेने! त्या दिवसापासून ते आमच्या घरी नेने झाले. पुढे एकदा गणपतीला आम्ही त्यांना मंडळाच्या कार्यक्रमाला नेलं, तेव्हा पुण्याच्या एका मावशींनी नुसतं नाव ऐकून दुरूनच विचारलं होतं, "नेने म्हणजे गुहागरकडचे का हो?" जवळ आल्यावर त्या गप्पच झाल्या. नेने मात्र मोदक खात त्यांना वाकून नमस्कार करत राहिले.

पण मी त्या रविवारचं सांगत होते. जेवताना लेकीनं त्यांना विचारलं, "नेने, डू यू हॅव अ डॉग?"

त्यांचा घास हातातच राहिला. "होता," ते म्हणाले. "माझ्या आईचा."

"व्हेअर इज ही?"

"रस्त्यावर."

लेक माझ्याकडे बघायला लागली. मी तिला पापड दिला आणि टीव्हीसमोर बसवून आले. परत आले तेव्हा नेने आमच्या टेबलावरच्या वाट्या सरकवत होते. आमटीची, कोशिंबिरीची, चटणीची. मधे मिठाचं भांडं. त्यांनी त्या अशा मांडल्या की त्यांच्यामधून एक वाकडी गल्ली तयार झाली.

"हे आमचं शहर," ते म्हणाले. "ही टेकडी. हे चर्च. ही आमची गल्ली, इथे आईचं घर. दारावर द्राक्षाचा वेल. उन्हाळ्यात त्याच्याखाली टेबल टाकून आम्ही जेवायचो."

मग ते त्याच्याबद्दल बोलायला लागले. त्या देशाच्या सर्वेसर्वाबद्दल. त्याचं नाव त्यांनी तेव्हाही घेतलं नाही, नंतरही कधी घेतलं नाही. त्यांच्याकडे कुणीच घेत नसे म्हणे. नुसतं 'तो' म्हणायचं आणि डोळे वर करायचे.

नेने तिथं सरकारी डिझाइन ऑफिसात होते. भूकंपात शहराचा काही भाग पडला होता, आणि त्याच्या डोक्यात आलं की उरलेलंही पाडून नवं उभारावं. जगात कुठं नसेल एवढा मोठा महाल, त्याच्यासमोर नजर पोचणार नाही एवढा लांब रस्ता. पण त्याला नकाशा वाचता येत नव्हता, आणि हे बोलायची कुणाची छाती नव्हती. म्हणून सगळं लाकडात आणि प्लास्टरमध्ये करून दाखवायचं ठरलं. एका मोठ्या हॉलमध्ये अख्खं शहर मांडलं गेलं. नेने आणि त्यांचे सहकारी ते शहर रोज बदलत.

"तो कसा होता?" माझ्या नवऱ्यानं विचारलं.

"लहानखुरा," नेने म्हणाले. "रस्त्यात दिसला असता तर तुम्ही दुसऱ्यांदा बघितलं नसतं. बोलताना अडखळायचा. अडखळला की उजवा हात हवेत वरून खाली आणायचा, असा, कुऱ्हाडीसारखा, म्हणजे अडलेला शब्द तुटून बाहेर पडायचा. लहानपणी बूट शिवायच्या दुकानात कामाला होता. त्याला त्याची लाज वाटायची. वाटायला नको होती. चांगला बूट शिवणं सोपं नाही."

त्याची बायकोही बरोबर यायची. ती मोठी शास्त्रज्ञ आहे असं पेपरांत रोज छापून यायचं, आणि शास्त्राचं काही विचारायची सोय नव्हती. ती मॉडेलवरून बोट फिरवून धूळ बघायची. त्याला मात्र मॉडेल मनापासून आवडायचं. तो आत आला की चेहरा उजळायचा. टेबलाभोवती फिरायचा, वाकायचा. "माझ्यासारखाच," नेने म्हणाले, आणि मग माझ्याकडे बघून, "तुझ्यासारखाच. तोही हनुवटी टेकवून बघायचा."

माझा हात नकळत हनुवटीला गेला.

हिवाळ्यात शहरात हीटिंग नसायचं. गॅस बारीक, वीज अधूनमधून. माणसं कोट घालून झोपायची. दुकानात रांग दिसली की आधी उभं राहायचं आणि मग पुढच्याला विचारायचं, काय मिळतंय. देशात पिकलेलं सगळं बाहेर जायचं. मॉडेलच्या कारखान्यात इतका गारठा असायचा की डिंक वाळायचा नाही. हे सगळे हातमोज्यांची बोटं कापून काम करायचे. पण तो येणार असला की आदल्या रात्रीपासून तो हॉल तापवायला घ्यायचे. तो आत यायच्या वेळी तिथं वसंत ऋतू असायचा. तो जाणार त्या दुकानात मांस टांगलेलं असायचं, तो बघणार त्या गोठ्यात धष्टपुष्ट गाई आणून बांधलेल्या असायच्या.

"त्याला आपला देश कधी थंड लागलाच नाही," नेने म्हणाले. "लोक म्हणतात तो खोटारडा होता. मला वाटतं, त्याचा विश्वास होता. आम्हीच त्याला तसा देश करून दाखवत होतो."

मला नागपूरचं आठवलं. मंत्री यायचे म्हणून आमच्या कॉलेजच्या रस्त्याला दोन्ही बाजूंनी चुना मारायचे, आणि कोपऱ्यावरच्या झोपड्यांपुढे कनात लावायचे. आणीबाणीच्या काळात तर एक दिवस त्या झोपड्याच नव्हत्या. मी हे सांगितलं तेव्हा नेने मान हलवत म्हणाले, "बरोबर. कनात. आमच्याकडे अख्ख्या देशाला कनात होती."

मग त्यांनी हात पुढे केला. अंगठा आणि एक बोट. आमच्या टेबलावरची चटणीची वाटी त्यांनी अलगद उचलली.

"तो बोलायचा नाही. फिरत फिरत एखाद्या ठिकाणी थांबायचा. दोन बोटांत एखादं घर उचलायचा, खालून बघायचा, आणि मागच्या माणसाच्या हातात द्यायचा. बस. ते घर गेलं. काही दिवसांत तिथं बुलडोझर. एक दिवस तो टेकडीपाशी थांबला. मी समोरच उभा होतो. त्यानं आमच्या गल्लीवर हात ठेवला. एकेक घर उचलायचा कंटाळा आला असावा. जेवणानंतर टेबलावरचे कण झाडतात ना, तसा त्यानं तळहात फिरवला."

चटणीची वाटी त्यांच्या हातातच होती. माझ्या नवऱ्यानं हळूच विचारलं, "मग? तुम्ही काय केलंत?"

"टाळ्या वाजवल्या," नेने म्हणाले. "सगळ्यांनी वाजवल्या. मीही."

आईला आणि बहिणीला सामान हलवायला फार थोडा वेळ मिळाला. नव्या उंच इमारतीत वरच्या मजल्यावर फ्लॅट मिळाला, पण तिथं कुत्रं नेता येत नव्हतं. त्या गल्लीतल्या प्रत्येक घराला कुत्रं होतं, आणि सगळ्यांनी ती तिथंच सोडली. घरं पडल्यावरही ती कुत्री मातीच्या ढिगांवर आपापल्या दाराच्या जागी बसलेली असत. नेने कामावरून येताना मुद्दाम तिकडून जायचे. आईचा कुत्रा त्यांना बघून शेपूट हलवायचा, पण जागा सोडून यायचा नाही.

पुढच्या वर्षी त्यांना परदेशातल्या एका प्रदर्शनात मॉडेल जोडायला पाठवलं. तिथं एका सकाळी डिंक आणतो म्हणून ते बाहेर पडले आणि परत गेलेच नाहीत. बहीण शाळेत शिकवायची. तिला तिथून काढून गोदामात कामाला लावलं. आई वर्षभरानं गेली. वीज नसली की लिफ्ट बंद, त्यामुळे शेवटी शेवटी ती खाली उतरतच नव्हती. हे त्यांना फार उशिरा, तिसऱ्याच माणसाकडून कळलं. बहिणीला फोन करायची सोय नव्हती. फोन ऐकले जात, आणि भोगायला तिला लागलं असतं.

त्या संध्याकाळी ते गेल्यावर मी टेबल आवरलं नाही. वाट्या तशाच राहू दिल्या. बाहेर बर्फ पडत होतं, आणि मला ती गल्ली दिसत होती. पुढे कित्येक महिने ती मला स्वप्नात दिसायची. मी द्राक्षाच्या वेलाखालून चाललेय, कुणाच्या तरी घरात फोडणीचा वास येतोय, कुत्री दारात बसलीत, आणि वर आभाळ नाहीच. आभाळाच्या जागी कुणाचातरी मोठा, शांत, कौतुकानं बघणारा चेहरा.

वर्षा-दीड वर्षानं आमच्याकडे एक मोठं काम आलं. गाईंच्या एका जुन्या फार्मवर ऑफिस पार्क करायचं होतं. तळं, झाडं, काचेच्या पाच-सहा इमारती. त्या जमिनीच्या कोपऱ्यात एक पांढरं लाकडी घर होतं. तिथं एक म्हातारी विधवा राहायची आणि ती विकायला तयार नव्हती. नियम असा की शेजारचं जे आहे ते मॉडेलमध्ये दाखवायचं. नेनेंनी ते घर केलं. इतर इमारतींना त्यांनी नुसती काच लावली होती, पण या घराला व्हरांडा केला, व्हरांड्याला कठडा, आणि मागे कपडे वाळत घालायची दोरी. दोरीसाठी माझ्या केसांतला एक केस घेतला.

क्लायंट बघायला आला तेव्हा आम्ही दोघंही वर कॉन्फरन्स रूममध्ये होतो. मोठा हसतमुख माणूस होता. सगळ्यांशी हात मिळवले, माझ्या साडीचं कौतुक केलं. टेबलाभोवती फिरला, वाकला, "ब्यूटिफुल, ब्यूटिफुल," म्हणाला. मग कोपऱ्यापाशी थांबला.

"याची तुम्ही काळजी करू नका," तो म्हणाला, "हे काही राहणार नाहीये." आणि त्यानं दोन बोटांनी ते घर उचललं.

मी नेनेंकडे बघितलं. ते टेबलाला वळसा घालून त्या माणसासमोर गेले आणि त्यांनी हात पुढे केला, तळहात वर करून.

"सर," ते म्हणाले, "ते मला द्या."

क्लायंटला वाटलं, दुरुस्ती करायची असेल. त्यानं घर त्यांच्या हातावर ठेवलं. नेनेंनी ते परत त्याच जागी बसवलं, बोटानं हलकेच दाबलं, आणि सरळ उभे राहिले.

"आधी त्या बाईंना विचारा," ते म्हणाले.

आमचे बॉस खाकरले. मला वाटलं, नेनेंची नोकरी गेली. पण तो माणूस हसला, मनापासून हसला, आणि म्हणाला, "विचारलंय हो, चारदा! ती माझ्यावर कुत्रं सोडते!" सगळे हसले. नेने हसले नाहीत. ते जिना उतरून खाली गेले. मी मागोमाग गेले. ते धार लागलेल्याच सुरीला पुन्हा पुन्हा धार लावत होते. मी ती त्यांच्या हातातून काढून घेतली.

"आता काय होईल?" त्यांनी विचारलं.

"काही नाही होणार," मी म्हटलं. "नेने, ही अमेरिका आहे. काही नाही होत."

"त्यांना पकडतील?"

"कुणाला?"

"त्या बाईंना. आणि मला."

मला हसू आलं नाही. मी त्यांच्यासाठी चहा केला.

त्या ऑफिस पार्कच्या परवानगीसाठी गावाच्या सभागृहात जाहीर सुनावणी होती. मॉडेल न्यायचं होतं म्हणून आम्ही दोघंही गेलो. पुढे कमिटीचे लोक, समोर खुर्च्यांवर गावकरी. ट्रॅफिकबद्दल कुणी ओरडलं, शाळेबद्दल कुणी. मग ती म्हातारी उठली. बारीकशी, फुलाफुलांचा फ्रॉक, हातात पर्स. माइकपाशी गेली आणि बोलायला लागली. गाईंबद्दल, नवऱ्याबद्दल, तळं खोदलं तर आपल्या विहिरीचं काय होईल याबद्दल. कमिटीच्या अध्यक्षानं मधे काहीतरी म्हटलं, तर ती म्हणाली, "यंग मॅन, माझं अजून झालेलं नाही." अध्यक्ष पन्नाशीचा होता. तो गप्प बसला.

नेने खुर्चीच्या अगदी कडेवर बसले होते. दाराकडे बघत होते, मग तिच्याकडे, मग परत दाराकडे. दारातून कुणी आलं नाही. तिचं बोलून झालं, ती जागेवर जाऊन बसली, पर्समधून गोळी काढून तोंडात टाकली. पुढचा माणूस माइकपाशी गेला. बस, एवढंच. नेनेंच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं, आणि ते पुसायचंही त्यांच्या लक्षात आलं नव्हतं.

सुनावणी तिच्या बाजूनं गेली म्हणायला हरकत नाही. तळं दुसरीकडे हलवलं, घराभोवती झाडांची दाट रांग लावायची अट घातली. नेने कित्येक दिवस त्या झाडांवर काम करत होते. एवढे खुशीत मी त्यांना कधी बघितलं नव्हतं.

आणि मग, पुढच्या वसंतात, तिनं घर विकलं. त्याच माणसाला. तिला बहिणीजवळ फ्लोरिडाला राहायला जायचं होतं म्हणे. ऑफिसात हे कळलं तेव्हा मला नेनेंना सांगायचा धीर होईना. शेवटी सांगितलं.

"तिनं स्वतः?" त्यांनी विचारलं.

"हो. स्वतः."

"कुणी घाबरवलं नाही?"

"नाही हो. गुडघे दुखतात म्हणाली. थंडी सोसत नाही."

ते मॉडेलपाशी गेले. व्हरांडा, कठडा, केसाची दोरी. चिमट्यानं त्यांनी ते घर सोडवून काढलं आणि माझ्या लेकीसाठी माझ्या पर्समध्ये ठेवलं. "मग ठीक आहे," ते म्हणाले. पण त्या दुपारी ते फारसं काही करू शकले नाहीत. उन्हाचा पट्टा रिकाम्या कोपऱ्यावरून सरकत गेला, आणि आम्ही दोघं तो बघत बसलो.

त्याच वर्षाच्या डिसेंबरात, नाताळच्या तोंडावर, नेनेंच्या देशात सगळं फुटलं. आधी दुसऱ्या कुठल्या शहरातल्या गडबडीच्या बातम्या येत होत्या. मग राजधानीतल्या बाल्कनीचं दृश्य टीव्हीवर आलं. नेने सकाळीच आमच्याकडे आले होते, कारण त्यांच्याकडे टीव्ही नव्हता. पायातले बूटही न काढता ते सोफ्यावर बसले.

बाल्कनीत काळा कोट, काळी टोपी. खाली माणसांचा समुद्र. तो बोलत होता, आणि मधेच खालून एक आवाज आला. आधी लांबून, वारा उठल्यासारखा. तो थांबला. उजवा हात वर गेला, आणि वरच राहिला. खाली आलाच नाही. त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता, भीतीही नव्हती. गाढ झोपेतून कुणी हलवून जागं केलं की माणूस जसा बघतो, मी कुठं आहे, ही कुणाची खोली, तसा तो बघत होता.

"हे टाळ्या वाजवत नाहीयेत," नेने पुटपुटले. "त्याला हा आवाजच माहीत नाही."

माझा नवरा उठून उभा राहिला होता. "गेला यार! संपलं त्याचं!" तो ओरडला. नेने हलले नाहीत.

नंतर हेलिकॉप्टर, पळापळ, आणि नाताळच्या दिवशी ती बातमी. त्याच्यावर आणि बायकोवर घाईघाईनं खटला चालवून त्यांना भिंतीशी उभं करून गोळ्या घातल्या होत्या. टीव्हीवर पडलेला एक म्हातारा दिसला. मी लेकीचे डोळे झाकले. मला वाटलं होतं, नेने आनंदानं उठून नाचतील. मी शिरा करायला घेतला होता. ते स्वयंपाकघरात येऊन माझ्या शेजारी उभे राहिले.

"मला एक विचारायचं होतं त्याला," ते म्हणाले. "आता राहिलंच."

"काय?"

"त्याला ती गल्ली आठवते का. कधीतरी, एकदा तरी, त्यानं त्या गल्लीत वाकून बघितलं होतं का, की तिथं काय होतं. द्राक्षं होती. मी वेलसुद्धा केला होता त्या मॉडेलमध्ये. तांब्याच्या बारीक तारेचा."

मी शिरा हलवत राहिले.

दोन-चार दिवसांनी बहिणीचा फोन लागला. आमच्याच घरून लावला. कितीदा तरी प्रयत्न केल्यावर पलीकडे घंटी वाजली, आणि नेने एकदम उभे राहिले, जणू कुणी दारातून आत येणार होतं. ते दोघं काय बोलत होते ते आम्हाला कळत नव्हतं. सुरुवातीला ते बोलतच नव्हते, नुसते एकमेकांना हाक मारत होते. मग ते भराभर बोलायला लागले. माझी लेक त्यांच्या कोटाला धरून उभी होती.

थोड्या वेळानं ते गप्प झाले. रिसीव्हर कानाला घट्ट धरलेला, डोळे मिटलेले.

"काय झालं?" मी घाबरून विचारलं.

त्यांनी हात वर करून मला थांबवलं. "तिनं फोन खिडकीत धरलाय," ते हळूच म्हणाले. "खाली रस्त्यावर लोक गातायत. नाताळची गाणी. इतकी वर्षं दारं लावून म्हणायची ती. मोठ्यानं."

"लेट मी हिअर," लेक म्हणाली. ते खाली बसले आणि रिसीव्हर दोघांच्या कानांच्या मधे धरला. तिच्या चेहऱ्यावरून काही कळेना. बहुतेक तिला नुसती खरखर ऐकू येत असावी. पण तिनं मोठ्या माणसासारखी मान हलवली.

फोन मधेच कट झाला. नेने तसेच खाली बसून राहिले. मग म्हणाले, त्यांना भूक लागलीय. मी पोळ्या टाकल्या.